गनमध्ये होती तीच पिन

स्वयंपाकघरातल्या ड्रॉवरची पुढची फळी एका सकाळी मुठीसकट हातात आली. काम होऊन जेमतेम वर्ष झालं होतं. ड्रॉवरच्या खोक्यातून सहा बारीक पिना पुढे डोकावत होत्या, सरळ आणि चकचकीत, एकही वाकलेली नाही. फळीच्या पाठीवर त्यांची सहा टिचभर भोकं. प्लाय उत्तम होतं, लॅमिनेट कुठे उचललेलं नव्हतं, कडा एकसारख्या होत्या. मिस्त्रींना बोलावलं. त्यांनी पिनांवरून अंगठा फिरवला आणि म्हणाले, “गनमध्ये तीच पिन होती.”

या उत्तरात लबाडी नव्हती. फर्निचरच्या कामात सगळ्यात जास्त नुकसान कशामुळे होतं, ते त्यांनी चार शब्दांत सांगून टाकलं होतं. हातोड्याच्या काळात प्रत्येक खिळा डब्यातून निवडून बोटांत धरावा लागे. दीड इंची घ्यायचा की बारीक चूक मारायची, हा निर्णय दिवसातून शंभरदा व्हायचा. गनमध्ये शंभर पिनांची पट्टी एकदा सरकवली की निर्णय संपतो. मग वॉर्डरोबची चौकट असो, पाठीमागचं पातळ प्लाय असो की काचेभोवतीची पट्टी, सगळीकडे तीच पिन जाते, कारण ती भरलेली आहे. गनने हाताचा वेग वाढवला, हे तिचं देणं मोठंच आहे. पण वेगाबरोबर निवडीची जागा बदलली. ती आता ठोकण्याच्या क्षणी नसून दुकानाच्या काउंटरवर, काम सुरू होण्याआधी आहे. आणि तिथे ती बहुतेकदा होतच नाही.

हवेच्या दाबावरची खिळ्यांची गन १९५० साली अमेरिकेच्या बाजारात आली ती घरांच्या लाकडी जमिनी भराभर ठोकण्यासाठी. म्हणजे मुळात ती एका प्रकारच्या कामासाठी, एका प्रकारच्या खिळ्यासाठी होती. आज मुंबईच्या नागदेवी स्ट्रीटवर किंवा पुण्याच्या भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटच्या आसपास गेलं, तर फळीवर डझनावारी खोकी दिसतात आणि त्यांच्यावरची अक्षरं नवख्याला गोंधळात टाकतात. खरं तर ती वाचायला सोपी आहेत. अक्षर जात सांगतं आणि आकडा लांबी, तीही सरळ मिलिमीटरमध्ये. एफ-३० म्हणजे एफ जातीची ३० मिमी पिन. टी-५० म्हणजे तिच्याहून जाड जातीची ५० मिमी. एसटी-६४ म्हणजे भिंतीत मारायचा कडक पोलादाचा ६४ मिमी खिळा.

जाडी मात्र गेजमध्ये सांगतात, आणि गेज उलटं चालतं: आकडा मोठा तितकी तार बारीक. २३ गेजची बिनडोक्याची पिन सुमारे ०.६ मिमी असते, शिवणाच्या जाड सुईएवढी. एफ जातीची पिन १८ गेजची, सुमारे १.२ मिमी. टी जातीची १६ गेजची, १.६ मिमी. एसटीचा खिळा २.२ मिमीच्या घरात. १.२ आणि १.६ यांतला फरक डोळ्यांना किरकोळ वाटतो. पण तारेचा ताठपणा जाडीच्या चौथ्या घाताने वाढतो, म्हणून १६ गेजची पिन १८ गेजच्या तिपटीहून अधिक ताठ असते. दाराच्या चौकटीची जाड सागवानी पट्टी बसवताना एफची पिन वाकून बाजूला का निघते आणि टीची सरळ आत का जाते, याचं उत्तर या एका गणितात आहे.

बाजारात सगळ्यात जास्त खपते ती एफ-३०, आणि त्याचं कारण पिनेत नाही, गनमध्ये आहे. स्वस्तातली छोटी गन १० ते ३० मिमी पिनाच घेते. ५० मिमीपर्यंतची गन थोडी महाग आणि जड. ज्याच्याकडे छोटी गन आहे त्याच्यासाठी ३० मिमी ही जगातली सगळ्यात लांब पिन ठरते. म्हणून गन विकत घेण्याआधीच ठरवायला हवं की आपल्या कामात सगळ्यात जाड जोड कोणता येणार आहे.

लांबीचा जुना सुतारी ठोकताळा असा: खिळ्याचा एक तृतीयांश भाग वरच्या फळीत, दोन तृतीयांश खालच्या. म्हणजे वरच्या फळीच्या जाडीच्या तिप्पट लांबी. १२ मिमीची पट्टी बसवायची तर ३५ ते ४० मिमी. १८ मिमी प्लाय दुसऱ्या प्लायच्या कडेवर ठोकायचं तर ५४ मिमी, म्हणजे ५० मिमीची पिन. याच जोडावर एफ-३० मारली तर १८ मिमी वरच्या फळीत खर्ची पडतात आणि पकडायला १२ मिमीच उरतात. आपल्याकडच्या शेकडो वॉर्डरोबांच्या चौकटी याच १२ मिमीवर उभ्या आहेत. त्या उभ्या राहतात याचं श्रेय पिनेला नाही, फेव्हिकॉलला आहे.

माझ्या मते या सगळ्या विषयाची गुरुकिल्ली इथेच आहे. फर्निचरमधली पिन बहुतेक वेळा जोड धरत नाही. ती फक्त सरस वाळेपर्यंत दोन फळ्या एकमेकींना चिकटवून ठेवते, जणू शिकंज्याचं काम करते. हे तिचं काम असेल तर बारीक पिन उत्तम: कमी भोक, कमी चीर, पुट्टीत लपून जाणारं डोकं. पण जिथे सरस लावलेलाच नाही, किंवा लावूनही धरत नाही, तिथे तीच पिन एकटी पडते. म्हणून कोणत्याही जोडापाशी पहिला प्रश्न हा विचारावा: इथे धरणार कोण, सरस की खिळा? सरस धरणार असेल तर पिन बारीक चालेल, छोटीही चालेल. खिळाच धरणार असेल तर जाडी, लांबी, डोकं, दांडा यांचा हिशेब मांडावा लागतो. आणि वजन लटकणार असेल तर गन बाजूला ठेवून स्क्रू घ्यावा. स्वयंपाकघरातली डोक्यावरची कपाटं, जिन्याचा कठडा, पंख्याखालची चौकट, यांना पिन मारून मोकळं होणं हा माणसांच्या जिवाशी खेळ आहे.

खिळाच धरणार असेल तर तो किती धरतो, यावर अमेरिकेतल्या मॅडिसन इथल्या वनोपज प्रयोगशाळेने दीर्घकाळ काम केलं आहे. ‘वुड हँडबुक’ हा तिचा ग्रंथ १९३५ पासून निघतो आणि आजही लाकडाच्या अभियंत्यांच्या टेबलावर असतो. त्यातलं गुळगुळीत खिळ्याचं सूत्र सांगतं की खिळा उपसायला लागणारं बळ त्याच्या जाडीच्या आणि आत गेलेल्या लांबीच्या सरळ प्रमाणात असतं. लाकडाच्या घनतेचा परिणाम मात्र त्याहून फार मोठा, अडीचाव्या घाताने. म्हणजे एक लाकूड दुसऱ्यापेक्षा एक तृतीयांशाने घन असेल तर त्यातली पकड साधारण दुप्पट होते. सागात मारलेली पिन घट्ट बसते आणि तीच पाइनमध्ये हलते, हे मिस्त्रींना हाताने माहीत असतं.

पण हे सूत्र रेषांना आडव्या मारलेल्या खिळ्याचं आहे. फळीच्या टोकातून, रेषांच्या दिशेने मारलेला खिळा बराच कमी धरतो, कारण तंतू त्याला चिमटीत पकडत नाहीत, नुसते बाजूला सरतात. प्लायच्या कडेत तर एक थर आडवा, एक उभा, मध्ये क्वचित पोकळी. पार्टिकल बोर्डाच्या कडेची गोष्ट त्याहून वाईट: भुशाच्या गोळ्यात रोवलेली काडी जितकी धरेल तितकीच पिन धरते. तिथे लांब पिन घेऊनही फार फरक पडत नाही, उलट बोर्ड फुगतो आणि दुभंगतो. त्याला त्याच्यासाठी बनवलेले जाड आट्यांचे स्क्रू लागतात. आणि हवेतला ओलावाही विसरून चालत नाही. ओल्या लाकडात मारलेला खिळा ते लाकूड सुकलं की बरीचशी पकड हरवतो. आपल्याकडे पावसाळ्यात फुगायचं आणि मार्चात आकसायचं, हे चक्र दरवर्षी फिरतं. जुन्या घरांच्या तक्तपोशीत खिळे वर्षावर्षाला केसभर वर येतात ते यामुळेच.

आता डोकं. एफ पिनेचं डोकं जेमतेम दोन मिमी रुंद. जाड पट्टीत ते लपतं, हा त्याचा गुण. पातळ प्लायमध्ये तोच दोष होतो. वॉर्डरोबच्या पाठीला सहा मिमी प्लाय लावतात. त्यातून ते डोकं सुईसारखं आरपार जातं, आणि कपडे कोंबून दार लावलं की पाठ मागून सुटते. इथे पिन नकोच, स्टेपल हवा. त्याची वरची दांडी प्लायवर आडवी बसते आणि ओढ मोठ्या जागेवर विभागते. सोफ्याच्या कारागिरांकडे असतो तो ८० सिरीजचा बारीक, सुमारे १३ मिमी रुंदीचा स्टेपल मात्र कापडासाठी आणि रेक्झिनसाठी आहे. प्लायला जरा जाड तारेचा घ्यावा. उलट टोकाला २३ गेजची पिन: तिला डोकंच नाही, म्हणून भोकही दिसत नाही. व्हिनिअरची नाजूक गोलाई किंवा देव्हाऱ्याची बारीक नक्षी सरस वाळेपर्यंत धरायला तिच्यासारखी दुसरी नाही. ओढ मात्र ती अजिबात सोसत नाही.

एक बारकावा इथेच सांगायला हवा, कारण त्याच्यापायी चांगलं काम डोळ्यांदेखत बिघडताना पाहिलं आहे. या पिनांचं टोक सुईसारखं नसतं, पटाशीसारखं असतं, दोन बाजूंनी उतरतं. कठीण रेषा किंवा गाठ लागली की पिन त्या उताराच्या बाजूला, म्हणजे गन हातात धरल्यावर डावी-उजवीकडे वळते. प्लायच्या कडेवर ठोकताना गन कडेच्या रेषेत धरली तर वळलेली पिन थेट लॅमिनेट फोडून बाहेर येते. गन कडेला काटकोनात धरली तर ती वळूनही कडेच्या लांबीतच राहते. मनगट नुसतं फिरवायचं आहे, खर्च काही नाही. आणि पिन जितकी लांब तितकी वळायला जागा जास्त, म्हणून गरजेपेक्षा लांब पिन हा सुरक्षित पर्याय आहे असं समजू नये.

दांडा गुळगुळीत हवा की कंगोऱ्यांचा, हा प्रश्न घरातल्या फर्निचरपेक्षा पॅलेटच्या धंद्यात जास्त येतो. चाकण, भोसरीच्या कारखान्यांतून यंत्रं ज्या लाकडी पॅलेटवर बसून परदेशी जातात, ते पॅलेट तारेने गुंडाळलेल्या खिळ्यांच्या कॉइलवर ठोकतात. निर्यातीच्या लाकडाला आंतरराष्ट्रीय नियमाप्रमाणे गाभ्यापर्यंत ५६ अंशांवर ३० मिनिटं तापवावं लागतं. त्यानंतरही प्रवासात ते कोरडं होत राहतं, ट्रकमध्ये हादरतं, फोर्कलिफ्टचे दणके खातं. गुळगुळीत खिळा अशा हादऱ्यांत हळूहळू वर सरकतो. म्हणून तिथे कंगोऱ्यांचा किंवा पिळाचा दांडा घेतात. तंतू कंगोऱ्यांत अडकून बसतात आणि खिळा परत येत नाही. काढायचाच झाला तर लाकूड फुटतं, पण पॅलेटला ते चालतं. ज्या फर्निचरची कधी दुरुस्ती करावी लागेल, त्यात कंगोऱ्यांचा खिळा घालू नये.

भिंतीचा हिशेब लाकडाहून वेगळा. एसटीचा खिळा लाकडात धरतो त्या चिमटीने धरत नाही. तो आजूबाजूचा दगडासारखा माल दाबून स्वतःला रुतवतो. भिंतीला १५ मिमी प्लास्टर आणि त्यावर १८ मिमी पट्टी असेल, तर एसटी-५० मधले ३३ मिमी या दोघांतच संपतात आणि विटेत १७ मिमी जातात. प्लास्टर काहीच धरत नाही, ते हिशेबातून वजा करायला शिकलं पाहिजे. सिपोरेक्स म्हणून ओळखल्या जाणाऱ्या हलक्या ब्लॉकची भिंत असेल तर खिळा आत लोण्यासारखा जातो आणि तसाच बाहेर येतो. तिथे भोक पाडून नायलॉनची गुल्ली आणि स्क्रू. उलट काँक्रीटच्या खांबात तो जाईलच याची खात्री नाही. खडी लागली की वाकतो किंवा उसळतो, आणि खांबाच्या कोपऱ्याजवळ मारला तर कपचा उडवतो. फॉल्स सीलिंगची कडेची हलकी पट्टी धरायला हे खिळे ठीक आहेत. टीव्हीचं पॅनल, आरसा, फडताळ यांच्यासाठी नाहीत.

कोकणात आणि गोव्यात या सगळ्याच्या वर आणखी एक प्रश्न असतो, गंजाचा. साध्या पिनांवर जस्ताचा मुलामा असतो, पण तो विजेने चढवलेला, अगदी पातळ. खाऱ्या हवेत तो फार टिकत नाही. पुट्टीखाली डोकं गंजतं आणि पांढऱ्या रंगावर पिनेच्या जागी तांबूस ठिपका उमटतो. मग रंगारी बदनाम होतो. बाथरूमच्या दाराला, व्हरांड्याच्या पट्ट्यांना स्टेनलेस पिन घ्यावी: घराच्या आतल्या बाजूला ३०४ पुरे, थेट समुद्राच्या तोंडावर ३१६. लाकडाचाही विचार हवा. बाभळीत टॅनिन भरपूर, तिची साल कातडी कमावायला वापरतात ती त्यासाठीच. असं लाकूड ओलं झालं की लोखंडाशी मिळून काळी शाई तयार करतं आणि खिळ्याभोवती न निघणारा डाग पडतो. तांब्याची औषधं मुरवलेलं पाइन अंगणातल्या बैठकीसाठी वापरणार असाल, तर ते साधा मुलामा खाऊन टाकतं. तिथे वितळलेल्या जस्तात बुडवून काढलेले किंवा स्टेनलेस खिळेच चालतात.

अमेरिकेत मराठी कुटुंबं लाकडी सांगाड्याच्या घरांत राहतात, आणि तिथे हा प्रश्न फर्निचरचा न राहता घराचा होतो. तिथल्या सांगाड्याच्या गनचे खिळे २१, २८, ३० ते ३४ अंश अशा वेगवेगळ्या कलांच्या पट्ट्यांत येतात आणि एका कलाची पट्टी दुसऱ्या गनमध्ये बसत नाही, इतपत सगळ्यांना ठाऊक असतं. जास्त फसवा आहे तो नावाचा घोटाळा. तिथे अजूनही खिळ्याची लांबी पेनीत सांगतात. आठ पेनीचा ठोक कामाचा खिळा अडीच इंच लांब आणि ०.१३१ इंच जाड. पण गनसाठी त्याच लांबीचे ०.११३ इंचाचे खिळेही मिळतात, आणि बोलताना दोन्हींना आठ पेनीच म्हणतात. बारक्याच्या पोटात लोखंड चौथाईने कमी आहे. नकाशावर लिहिलेल्या खिळ्याऐवजी तो वापरला तर खिळ्यांची संख्या वाढवावी लागते.

याची किंमत फ्लोरिडाने मोजली. २४ ऑगस्ट १९९२ रोजी अँड्र्यू चक्रीवादळ मायामीच्या दक्षिणेला आदळलं. नंतर पाहणी झाली तेव्हा असंख्य घरांच्या छपराचं प्लाय उडून गेलेलं सापडलं. अनेक ठिकाणी ते स्टेपलने ठोकलेलं होतं, आणि कितीतरी स्टेपल खालच्या वाशाला लागलेच नव्हते, शेजारी हवेत गेले होते. हातोड्याने ठोकताना खिळा वाशाला लागला नाही तर हाताला कळतं, आवाज पोकळ येतो. गनच्या धडाक्यात तो फरक ऐकू येत नाही. त्यानंतर दक्षिण फ्लोरिडाच्या बांधकाम नियमांनी छपराच्या प्लायला स्टेपल बंद केले आणि खिळ्यांची जाडी, अंतर, दांडा सगळं काटेकोरपणे लिहून दिलं. वॉर्डरोबच्या पाठीला योग्य असलेला स्टेपल छपराला घातक ठरतो, कारण वारा त्याला सरळ उपसतो आणि पातळ तार त्या ओढीपुढे तग धरत नाही.

हवेच्या दाबाबद्दल थोडक्यात. लाकडी कामाच्या गनला साधारण ६० ते १०० पीएसआय लागतो. दाब जास्त ठेवला की योग्य निवडलेली पिनही प्लायचा वरचा थर फोडून खोल जाते, आणि धरायला तिच्या डोक्याखाली काही उरत नाही. नवीन खोकं उघडलं की त्याच लाकडाच्या तुकड्यावर चार पिना मारून डोकं पृष्ठभागाच्या किंचित खाली येईपर्यंत दाब जुळवावा. निवडीइतकंच हे महत्त्वाचं आहे, पण साइटवर कॉम्प्रेसर एकदा लावला की त्या काट्याकडे दिवसभर कोणी पाहत नाही.

आणि हात. अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्राच्या नोंदींनुसार २००१ ते २००५ या काळात तिथे खिळ्यांच्या गनने जखमी झालेले वर्षाला सुमारे ३७,००० लोक दवाखान्यांच्या आपत्कालीन विभागात आले. गाठीवरून वळलेली लांब पिन फळी धरलेल्या डाव्या हातात घुसते. म्हणून पिनेच्या लांबीइतकं अंतर तरी हात आणि नळी यांच्यात राहायलाच हवं. ५० मिमीची पिन भरली की हातही तितका लांब सरकला पाहिजे. चाप दाबून धरून नुसतं टेकवत गेलं तर खिळे सुटत जाणारी गन वेगवान असते. आधी टेकवा, मग दाबा, अशा क्रमानेच चालणारी गन हळू असते. मी नेहमी दुसरीच सुचवीन, आणि डोळ्यांवर चष्मा. दिवसाच्या शेवटी वाचलेल्या पंधरा मिनिटांसाठी कोणाची बोटं जाऊ नयेत.

ड्रॉवरकडे परत येतो. खोकं १२ मिमी प्लायचं, पुढची फळी १८ मिमीची. आतून ३० मिमी पिन मारली असती तर टोक बाहेरच्या लॅमिनेटला भिडलं असतं, म्हणून तिथे एफ-२५ मारली होती. त्यातली १२ मिमी खोक्यात, १३ मिमी फळीत. फळीच्या पाठीला आतलं पांढरं लॅमिनेट होतं, त्यावर फेव्हिकॉल लावून काही उपयोग नव्हता. तो कच्च्या लाकडाला धरतो, लॅमिनेटच्या गुळगुळीत पृष्ठभागाला नाही. म्हणजे जोड फक्त पिनांवर होता, आणि ड्रॉवर ओढायचा तर ओढ थेट पिनेच्या लांबीच्या दिशेने, उपसण्याच्याच दिशेने. डाळींचे डबे भरलेला तो ड्रॉवर दिवसातून वीसदा उघडत होता.

मिस्त्रींना हे सगळं सांगावं लागलं नाही. त्यांनी बॅटरीचा ड्रिल काढला, खोक्याला आतून चार बारीक भोकं पाडली आणि २५ मिमीचे चपट्या डोक्याचे स्क्रू कसले. मग न विचारता उरलेले नऊ ड्रॉवर उघडून प्रत्येकाची फळी दोन्ही हातांनी हलवून पाहिली. तीन हलल्या. त्यांनाही स्क्रू लावले, आणि जाताना गनमधली अर्धी पट्टी काढून खिशात ठेवली.